गळा कुणाचा, चेहरा कुणाचा? वाचकांचे प्रश्न आणि ऑपेराचे सिनेमे

मागच्या अंकात इटालियन ऑपेराच्या, म्हणजे सगळी गोष्ट गाऊनच सांगणाऱ्या नाटकांच्या, जुन्या सिनेमांवर चार ओळी काय लिहिल्या, प्रश्नांचा ढीगच आला की हो. गाण्याचा विषय निघाला आणि सांगली-साताऱ्याची माणसं गप्प बसली असं कधी झालंय? सगळे प्रश्न काही घेता येणार नाहीत, पण बरेचसे फिरून फिरून एकाच ठिकाणी येतायत, की ह्या सिनेमांत काम करणाऱ्याचं करिअर म्हणजे नेमकं काय, त्याला गायक म्हणायचं का नट, म्हणून तेवढेच निवडलेत.

सांगली, विश्रामबागेतून एक निवृत्त शिक्षिका: तुम्ही लिहिलं होतं की टिटो गोब्बी ह्या गायकाने १९४८ च्या 'पाग्लियाची'त दोन भूमिका केल्या. स्टेजवर हे कसं जमायचं? आणि हा माणूस मुळात गायक का सिनेमावाला?

काकू, स्टेजवर नाहीच जमत, तीच तर गंमत आहे. गोष्ट थोडक्यात सांगतो. गावोगाव फिरणारी एक नाटक कंपनी, तिचा मालक कानिओ, त्याची बायको नेड्डा, कंपनीतला कुबडा विदूषक टोनिओ जो नेड्डाच्या मागे लागलाय आणि तिने झिडकारल्यावर डूख धरून बसलाय, आणि गावातला एक तरुण सिल्विओ ज्याच्यावर तिचं खरं प्रेम आहे. टोनिओ आणि सिल्विओ दोन्ही भूमिका बॅरिटोनच्या, म्हणजे पुरुषांचा मधल्या पट्टीतला आवाज. शेवटच्या प्रवेशात टोनिओ रंगमंचावर असतो आणि सिल्विओ समोर गावकऱ्यांत प्रेक्षक म्हणून बसलेला असतो, तेव्हा एक माणूस दोन्ही करणार कसा? कॅमेऱ्याला ती अडचण नाही, एक शॉट ह्याचा घ्या, एक त्याचा घ्या, झालं. पण मला विचाराल तर ही नुसती करामत नाहीये, कारण नेड्डा ज्याला चाबकाने मारून हाकलते आणि ज्याच्या मिठीत जाते तो चेहरा एकच आहे, आणि हे एकदा डोक्यात बसलं की सगळी गोष्टच तिरकी दिसायला लागते.

आता गायक का सिनेमावाला, तर गायक, शंभर टक्के गायक. जन्म १९१३ चा, बास्सानो देल ग्राप्पा गावचा, शिकायला गेला पादुआला वकिली आणि वळला गाण्याकडे, रोममध्ये जुलिओ क्रिमी नावाच्या टेनरकडे, म्हणजे पुरुषांतल्या वरच्या पट्टीच्या गायकाकडे, शिकला. १९३५ साली गुब्बिओ नावाच्या छोट्या गावात पहिल्यांदा ऑपेरात उभा राहिला, १९४२ पर्यंत मिलानच्या ला स्काला ह्या ऑपेरागृहात पोचला. सिनेमात छोटं काम त्याने १९३७ सालीच केलं होतं. खरी लाट आली ती युद्ध संपल्यावर. ला स्काला १९४३ च्या ऑगस्टमध्ये बॉम्बखाली सापडलं आणि परत उघडलं ते मे १९४६ मध्ये, त्याच दोनतीन वर्षांत रोममध्ये मारिओ कोस्ता आणि कार्मिने गालोने हे डायरेक्टर एकामागून एक ऑपेरा कॅमेऱ्यासमोर आणत होते आणि जवळपास प्रत्येकात गोब्बी. 'बार्बर ऑफ सेव्हिल'मधला न्हावी फिगारो तो, 'रिगोलेत्तो'चा नायक तो, 'एलिझिर'मधला फुशारकी मारणारा सार्जंट तो. असे सगळे मिळून पंचवीसेक सिनेमे त्याच्या नावावर आहेत.

पण तो सिनेमात अडकून पडला नाही. १९४८ ला सॅन फ्रान्सिस्को, १९५० ला लंडनचं कोव्हेंट गार्डन ऑपेरागृह, मग शिकागो, न्यूयॉर्क. सिनेमाने त्याला चेहरा मिळवून दिला आणि गळा त्याचा स्वतःचाच होता, त्यामुळे पोस्टर बघून थिएटरात आलेल्या माणसाची फसवणूक होत नव्हती. फेब्रुवारी १९६४ मध्ये कोव्हेंट गार्डनमधून 'तोस्का'चा दुसरा अंक टीव्हीसाठी चित्रित झाला, मारिया कॅलास तोस्का आणि हा पोलीसप्रमुख स्कार्पिया. तो मिळवून बघाच काकू. गाण्याकडे नंतर लक्ष द्या, आधी तोस्का बोलत असताना ह्याचे डोळे काय करतायत ते बघा. स्टेजवरचा गायक सहसा हाताने अभिनय करतो, हा पापणीने करतो, आणि इतकी वर्षं कॅमेऱ्यापुढे काढल्याशिवाय ते येत नाही असं माझं ठाम मत आहे.

मिरजेहून, तंबोरे बनवणाऱ्या घरातला एक तरुण: सर, सोफिया लॉरेन 'आयडा'त स्वतः गायलीय का? आमच्या आईची पैज लागलीय मामांशी, आई म्हणते गायलीय.

मामा जिंकले रे, आईला सांभाळून सांग. १९५३ चा 'आयडा', सोफिया तेव्हा अठरा-एकोणीस वर्षांची, आवाज सगळा रेनाता तेबाल्दीचा. इथिओपियाची राजकन्या म्हणून सोफियाला अंगभर तपकिरी रंग फासलाय, ते आज बघताना खटकतं आणि खटकायलाच पाहिजे. तिची वैरीण राजकन्या आम्नेरिस, ती दिसते लॉइस मॅक्सवेल, म्हणजे पुढे १९६२ पासून जेम्स बाँडच्या सिनेमांत ऑफिसात बसून बाँडची वाट बघणारी मिस मनीपेनी, तीच. आणि तिचा आवाज एबे स्तिन्यानीचा, त्या काळातली फार मोठी मेझो, म्हणजे बायकांच्या मधल्या पट्टीतली गायिका. नायक राडामेसचा चेहराही एकाचा आणि गळा जुझेप्पे काम्पोराचा.

तुमच्या घरात वाद्यांचं काम चालतं म्हणून तुला एक खूण सांगतो, पुढच्या वेळी पैज तूच लाव. ओठ बघू नकोस, ओठ कुणालाही जुळवता येतात. गळ्याची घाटी, जबड्याखालचा भाग आणि खांदे बघ. लांब ओळ सुरू व्हायच्या आधी बरगड्या उघडतात का, ओळ संपता संपता मानेच्या शिरा ताणतात का? सोफियाचं तोंड अगदी वेळेवर उघडतं पण श्वास कुठेच घेतलेला दिसत नाही, एवढा मोठा आवाज आणि बाई निवांत. दिसायला मात्र अशी की मामासुद्धा पैज विसरतील.

पुढच्याच वर्षी, १९५४ ला, गालोनेने जपानी मंडळींना घेऊन 'मादामा बटरफ्लाय' केला, त्यात काओरु याचिगुसा ही खरीखुरी जपानी अभिनेत्री घेतली, आवाज ओरिएत्ता मोस्कुच्चीचा. रंग फासण्यापेक्षा हे कितीतरी बरं. गळा उसनाच, पण निदान चेहरा त्या गोष्टीतला होता.

सातारा, कॉलेजमधला एक विद्यार्थी: मी यूट्यूबवर ह्यातले तीन-चार सिनेमे बघितले आणि आफ्रो पोली हे नाव परत परत दिसलं. कोण हा? इंटरनेटवर त्याच्याबद्दल फार काही नाही.

मित्रा, तुझा प्रश्न वाचून मला इतका आनंद झालाय की संपादकांनी कात्री लावली नाही तर सगळी पानं तुलाच देईन. ह्या सगळ्या धंद्यातली सगळ्यात चमत्कारिक करिअर ह्या माणसाची आहे, आणि गोब्बीवर सगळे लिहितात, ह्याच्यावर कुणी लिहीत नाही.

आफ्रो पोली, जन्म १९०२, पिसाचा. गायक, आणि चांगला गायक. १९३२ साली टिटो स्कीपासारख्या टेनरबरोबर 'डॉन पास्क्वाले'चं पूर्ण रेकॉर्डिंग झालं त्यात डॉक्टर मालातेस्ता हा. १९३८ ला बेन्यामिनो जिल्लीबरोबर 'ला बोएम' रेकॉर्ड झाला, त्यात चित्रकार मार्चेल्लो हा. दोन्ही रेकॉर्डिंग आजही ऐकायला मिळतात, आवाज हलका, लवचिक, शब्द स्वच्छ, विनोदाच्या जागा अगदी नेमक्या. म्हणजे ज्याच्या हातात गळा आहे, नाव आहे, असा माणूस.

आणि सिनेमात हाच माणूस काय करतोय? दुसऱ्याच्या गाण्यावर ओठ हलवतोय. १९४८ च्या 'पाग्लियाची'त कानिओ दिसतो आफ्रो पोली, गातो गालिआनो मासिनी. १९५३ च्या 'आयडा'त नायिकेचा बाप आमोनास्रो दिसतो पोली, गातो जीनो बेकी. १९५६ च्या 'तोस्का'त स्कार्पिया दिसतो पोली, गातो जानजाकोमो ग्वेल्फी. नटीने गायिकेचा आवाज घेतला तर आपण समजू शकतो, गायकाने गायकाचा आवाज घ्यायचा म्हणजे काय राव!

मला ह्याचं कारण असं दिसतं. पोलीचा गळा हलक्या, हसऱ्या भूमिकांचा. आमोनास्रो आणि स्कार्पिया ह्यांना जाडजूड, धमकावणारा आवाज लागतो, आणि १९५६ ला तर ह्याची पन्नाशी उलटलेली. कानिओची तर बातच वेगळी, ती मुळात टेनरची भूमिका, म्हणजे ह्याच्या पट्टीच्या वरची. पण चेहरा? चेहरा भारदस्त, उभं राहणं राजासारखं, आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे श्वास कुठे येतो हे ह्याला ठाऊक. डायरेक्टरला आणखी काय पाहिजे?

तू परत एकदा कानिओचं ते प्रसिद्ध गाणं बघ, बायकोने फसवलंय हे कळल्यावर खेळासाठी तोंडाला रंग लावताना म्हणतो ते. 'हस, विदूषका' ह्या ओळीवर टेनरचा आवाज वर चढतो, इतका वर की बॅरिटोनसाठी ती जवळजवळ शेवटची पायरी. मासिनीचा आवाज तिथे पोचतो आणि पोलीच्या चेहऱ्यावर तो ताण येतो. आता विचार कर, ज्या सुराला आपला स्वतःचा गळा कधी आरामात गेला नसता तो सूर हा माणूस चेहऱ्यावर दाखवतोय आणि शेजारी गोब्बी, हाही बॅरिटोनच, दोन-दोन भूमिका स्वतःच्या गळ्याने गातोय. सेटवर त्या दोघांत काय बोलणं झालं असेल ह्याचा विचार मी बरेचदा करतो.

हे कमीपणाचं काम होतं का? मला नाही वाटत. त्याच सिनेमातली नेड्डा म्हणजे जीना लोलोब्रिजिदा, आवाज ओनेलिया फिनेस्कीचा. जीना पुढे जगभर स्टार झाली, फिनेस्की आज कुणाला माहितीये? मला विचारशील तर अन्याय झाला तो तिच्यावर, पडद्यामागे राहिलेल्या गळ्यावर, पोलीवर नाही. पोलीकडे निदान दोन्ही होतं, रेकॉर्डवर गळा राहिला आणि फिल्मवर चेहरा राहिला, फक्त दोन्ही एका जागी सापडत नाहीत. १९८८ ला तो गेला. तुला वेळ असेल तर १९३८ चा मार्चेल्लो ऐक आणि लगेच १९५६ चा स्कार्पिया बघ, पाठोपाठ.

कराडहून एक लग्नाचे व्हिडिओ शूट करणारे: ह्यांचं शूटिंग कसं होतं? गाणं तिथल्या तिथे रेकॉर्ड करतात की आपल्यासारखं प्लेबॅक?

दादा, बहुतेक प्लेबॅक. आधी स्टुडिओत ऑर्केस्ट्रासकट सगळं गाणं रेकॉर्ड होतं, मग सेटवर ते स्पीकरवर लावून तुकड्या-तुकड्यात शूट. मुरलेले गायक शूटिंगलाही थोडं-थोडं खरं गातात, म्हणजे मान आणि छाती खोटी दिसत नाही. त्यात धोका असा की एडिटिंगला एक-दोन फ्रेम जरी सरकल्या तरी लगेच कळतं, ते तुम्हाला मी काय सांगणार.

पण एकदा उलटं केलं त्यांनी. जुलै १९९२, 'तोस्का', आणि गोष्ट जिथे घडते त्या रोममधल्या खऱ्या जागांवर, खऱ्या वेळेला, लाइव्ह. पहिला अंक दुपारी सांत आंद्रेआ देल्ला व्हाल्ले चर्चमध्ये, दुसरा संध्याकाळी फार्नेझे राजवाड्यात जिथे आता फ्रेंच वकिलात आहे, आणि तिसरा दुसऱ्या दिवशी पहाटे सांतांजेलो किल्ल्याच्या गच्चीवर. डोमिंगो, मालफितानो आणि रायमोंदी गातायत तिथे, आणि ऑर्केस्ट्रा बसलाय शहरातल्या दुसऱ्याच सभागृहात, त्यांच्यापुढे उभे आपले मुंबईचे झुबिन मेहता. गायकांना मेहता दिसायचे ते आडोशाला लावलेल्या मॉनिटरवर. १०७ देशांत दाखवलं ते. एक केबल निसटली असती तर काय झालं असतं ह्याची कल्पना तुमच्या धंद्यातल्या माणसालाच येईल, मंगलाष्टकांच्या वेळी माइक गेला की काय होतं ते तुम्ही बघितलेलंच असणार.

हरिपूरहून एक आजोबा: आपल्याकडे देवलांपासून एवढी संगीत नाटकं झाली, आमच्या गावची तर ती ओळखच. मग त्यांचे असे सिनेमे का नाही झाले?

आजोबा, थोडे झाले, पण जमलं नाही. आपल्या नागठाण्याचे बालगंधर्व १९३५ ला प्रभातच्या 'धर्मात्मा'त एकनाथ झाले, व्ही. शांताराम डायरेक्टर. पुरुषभूमिका, आणि लोकांना पाहिजे होते ते शालू नेसलेले गंधर्व. मग १९३७ ला बाबूराव पेंटरांनी त्यांचं 'अमृतसिद्धी' नाटकच 'साध्वी मीराबाई' म्हणून कॅमेऱ्यासमोर आणलं, त्यात ते स्त्रीवेषात आहेत. पण गंधर्व तेव्हा पन्नाशीच्या घरात. नाट्यगृहात दहाव्या रांगेतून जे सोनं दिसतं ते क्लोजअपमध्ये दिसत नाही, कॅमेरा फार निष्ठुर असतो.

इटलीवाल्यांनी ह्याच अडचणीवर तोड काढली, गळा पिकलेला घ्या आणि चेहरा कोवळा घ्या. आपल्याकडे प्लेबॅक तर १९३५ पासूनच आला होता, पण गंधर्वांच्या गळ्यावर दुसऱ्या कुणी बाईने ओठ हलवायचे हे त्या काळात कुणाला सुचलंच नसतं, आणि सुचलं असतं तर सांगलीकरांनी थिएटर पेटवलं असतं. पुढे त्याच प्लेबॅकने सांगलीत लहानपण गेलेल्या एका मुलीला कुठल्या कुठे नेलं ते तुम्हाला मी सांगायला नको. लतादीदींचं नाव झालं, फिनेस्कीचं नाही झालं, हा फरक मात्र मला कायम विचारात पाडतो.

तासगावहून एक आई: माझी मुलगी नाट्यसंगीत गाते, वय १९. कार्यक्रम करायला तिला भीती वाटते पण व्हिडिओ रेकॉर्ड करून टाकते ते लोकांना आवडतात. फक्त कॅमेऱ्यासमोर गाऊन करिअर होतं का?

ताई, हो आणि नाही, दोन बायकांची गोष्ट सांगतो, बघा काही उपयोग होतो का.

पहिली आना मोफो. अमेरिकन मुलगी, शिष्यवृत्तीवर रोमला शिकायला आलेली, फारसं कुणी ओळखत नव्हतं. १९५६ ला इटालियन टीव्हीने 'मादामा बटरफ्लाय' केला त्यात तिला घेतलं आणि ती रातोरात घराघरात पोचली. त्या कार्यक्रमाचा डायरेक्टर मारिओ लानफ्रांकी, त्याच्याशीच पुढच्या वर्षी लग्न झालं. मग न्यूयॉर्कचं मेट्रोपॉलिटन ऑपेरागृह, रेकॉर्ड, सिनेमे, इटालियन टीव्हीवर स्वतःच्या नावाचा शो, नवऱ्याच्या डायरेक्शनखाली 'त्राव्हियाता' आणि १९७१ ला 'लुचिआ'. दिसायला सुंदर, गळा सुंदर, कॅमेऱ्याचं प्रेम. आणि इतकं काम घेतलं की १९७४ च्या सुमाराला आवाजच कोसळला, वय बेचाळीसच्या आसपास. नंतर परत उभी राहिली, पण पहिलं तेज काही आलं नाही.

दुसरी मिरेल्ला फ्रेनी. मोडेनाची, १९५५ ला स्टेजवर पहिलं पाऊल आणि २००५ ला निवृत्ती, पन्नास वर्षं गळा शाबूत. तिनेही बटरफ्लाय केला, १९७४ चा, पोनेल ह्या डायरेक्टरचा सिनेमा, ऑर्केस्ट्रा चालवणारा कंडक्टर कारायान, अप्रतिम आहे. पण पूर्ण बटरफ्लाय ती स्टेजवर कधीच गायली नाही, एकदाही नाही. तो रोल आवाज पिळून काढणारा आहे, एका संध्याकाळी सलग गायचा म्हणजे खायचं काम नाही. स्टुडिओत तो थांबत-थांबत, विश्रांती घेत गाता येतो. म्हणजे कॅमेरा आणि माइक तिने स्टेज टाळायला वापरले नाहीत, जे स्टेजवर झेपणार नाही तेवढंच तिकडे नेलं.

तुमच्या लेकीने हे ओळखायला पाहिजे की ती रेकॉर्डिंग कशासाठी करतेय. भीती वाटते म्हणून करत असेल तर भीती काही कमी होणार नाही, वाढेल. आधी घरच्या गणपतीपुढे, मग गल्लीत, मग देवळाच्या कीर्तनाआधी एखादं पद, असं सुरू करू द्या, भावे नाट्यमंदिर कुठे पळून जात नाही. व्हिडिओ बंद करू नका, पण एक अट घाला, कुठलंही पद आधी चार माणसांसमोर एका दमात म्हणून दाखवायचं आणि मगच रेकॉर्ड करायचं, तुकडे जोडून नाही. आणि रोज एक व्हिडिओ टाकायचा नाद असेल तर तो आधी सोडवा, मोफोबाईंचं काय झालं ते वर लिहिलंच आहे.

वाईहून एक वाचक: मला ऑपेरातलं ओ की ठो कळत नाही. कुठून सुरुवात करू?

'पाग्लियाची'. मूळ ऑपेराच सव्वा तासाचा, गोष्ट सरळ, खून शेवटी. ते आवडलं तर १९७६ चा 'तोस्का', तोही रोममधल्या खऱ्या जागांवर शूट केलेला, काबाइवान्स्का आणि डोमिंगोचा. जुन्या प्रिंटला सबटायटल असतीलच असं नाही, म्हणून कथा आधी वाचून घ्या, म्हणजे मध्येच 'हा का रडतोय' असं घरच्यांना विचारायला नको. वाईच्याच आणखी एकांनी वाग्नरबद्दल विचारलंय, पण ते जर्मन प्रकरण आहे आणि लांबलचक आहे, त्याला पुढच्या अंकात हात घालतो.